कानवाली

थर्मासचं झाकण तिने मुद्दाम जोरात आपटलं. गाडीत बसलेल्या बाईने मानसुद्धा वर केली नाही. तिच्या कानांवर हेडफोन होते, आणि त्यात हिचा नवरा बोलत होता.

बेकरीमागे गटाराची खोदाई चालू असताना जुन्या लढाईतला न फुटलेला बॉम्ब निघाला होता. आसपासच्या गल्ल्या रिकाम्या केल्या, त्यात तिचंही घर गेलं. शेजारपाजार शाळेच्या हॉलमध्ये जाऊन बसला. ती मात्र, बॉम्ब निकामी करणारा माणूस माझाच नवरा आहे, त्याला चहा लागेल, अशी सबब सांगून शाळेच्या भिंतीआड उभ्या असलेल्या या गाडीपाशी आली होती. चहाचं निमित्त. तिला कानवालीला पाहायचं होतं.

कानवाली हे नाव तिनेच ठेवलेलं. नवरा खड्ड्यात उतरला की त्या बाईशी अखंड बडबडत असतो, हे तिला त्याच्या एका सोबत्याच्या बायकोने हसत हसत सांगितलं होतं. आणि घरी हे गृहस्थ तोंडात मूग धरून बसायचे! भाजी कशी झालीय? "हं." आईला बरं वाटत नाहीये, काय करायचं? "बघू." लग्नापासूनचे त्याचे सगळे शब्द गोळा केले असते तरी एक रविवार भरला नसता.

कानवाली तरुण नव्हती, देखणीही नव्हती. याचाच तिला जास्त राग आला. देखणी असती तर निदान समजण्यासारखं तरी होतं.

हेडफोनच्या कडेतून आवाज झिरपत होता.

"डाव्या हाताने पाना लावतो. पाव फेरा. थांबलो."

"थांबलास," कानवाली म्हणाली.

"पाठीला खाज सुटलीय."

"आधी पाना सोड, मग खाजव. आणि सांग मला."

तिच्या अंगाचा तिळपापड झाला. ती स्वतः नवऱ्याला अहो म्हणायची, आणि ही बाई सरळ अरे-तुरे! वर त्याच्या पाठीची खाजही हिलाच ठाऊक.

"इतकं काय बोलायचं असतं हो तुम्हा दोघांना?"

कानवालीने बोट वर करून तिला थांबवलं. आतून आवाज आला, "फ्यूज निघाला. हातात आहे."

"वर ये," कानवाली म्हणाली. तिने हेडफोन उतरवले. कानांभोवती लाल वळ उठले होते.

"काय म्हणालात, वहिनी?"

तिने तेच पुन्हा विचारलं, पण जरा खालच्या आवाजात.

"प्रत्येक हालचाल करण्याआधी त्याने सांगायची, असा नियमच आहे. मध्येच आवाज बंद झाला, तर शेवटचं काय केलं ते कळायला हवं ना. म्हणजे पुढच्या वेळी तेवढं करायचं नाही."

"कोणी?"

"मी. त्याच्यानंतर मीच उतरते."

तेवढ्यात तो आला, कोपरापर्यंत चिखलाने माखलेला. कानवालीकडे पाहून त्याने नुसती मान हलवली आणि गाडीच्या पायरीवर बायकोशेजारी बसला. तिने चहा दिला, तो त्याने घेतला. या बाईसमोर तरी चार शब्द बोलेल म्हणून ती वाट पाहत राहिली. तो चहा पीत राहिला.

"घरीही असंच," ती अखेर म्हणाली. "एक शब्द नाही."

वायर गुंडाळणारे कानवालीचे हात थांबले.

"तो जरा गप्प झाला की माझा जीव जातो, वहिनी. इतक्या वर्षांत माझ्याजवळ तो एकदाही असा गप्प बसलेला नाही."

कानवाली त्या दोघांकडे पाहत राहिली. ती नजर तिने लगेच ओळखली. सकाळपासून तीच डोळ्यांत घेऊन ती स्वतः हिंडत होती.

उरलेला चहा तिने झाकणात ओतला आणि कानवालीपुढे धरला. नवऱ्याच्या शेजारून मात्र उठली नाही. बसल्या जागेवरूनच हात लांब केला.