पाठीत सुरी असलेला डुक्कर

मित्रांनो, मी एक जुना भाजलेला डुक्कर आहे. तोंडाला पाणी सुटले असेल तर गिळून टाका. मी थर्मोकोलचा आहे.

माझा जन्म हाँगकाँगच्या एका चित्रपट स्टुडिओत झाला. युएन लायहा ही तिथली तरुण नेपथ्यकार. राजवाड्यातल्या मेजवानीसाठी तिला डुक्कर हवा होता आणि खरा डुक्कर दिव्यांच्या उष्णतेत दुपारपर्यंत वास मारू लागे. तिने जुन्या दाराच्या फळ्यांचा सांगाडा केला. त्यावर तारेची जाळी, थर्मोकोल, कागदाचा लगदा. कातडी कुरकुरीत दिसावी म्हणून कलिंगडाच्या बियांची टरफले चिकटवली, वर व्हार्निश. मी इतका चविष्ट दिसत होतो की एका नटाने माझा कान चावला. त्याचा दात अजून माझ्याकडे आहे.

चित्रपट गाजला. पण पडद्यावर ‘निर्मिती आणि नेपथ्य’ या दोन्हींपुढे निर्माते सिट साहेबांचेच नाव आले. नेपथ्याचे पारितोषिकही त्यांनीच घेतले. भाषणात म्हणाले, “तो डुक्कर करताना माझी बोटं पोळली.” थर्मोकोलने! मी रागाने लाल झालो असतो, पण आधीच लाल होतो.

“साहेब, माझं नाव?” लायहाने विचारले.

“अगं, डुकरावर कोणी सही करतं का? पुढच्या वेळी बघू.”

ती पुढची वेळ कधी आलीच नाही. लायहा काम सोडून गेली आणि मी गोदामात पडलो. एका मांजरीने माझ्या पोटाखाली पिल्ले घातली. मी त्या पिल्लांना सुडाच्या गोष्टी सांगत असे. त्यांना झोप छान लागे.

गोदाम रिकामे करताना मला कचऱ्यात फेकले, तेव्हा लायहानेच उचलून नेले. तोवर ती स्वतः निर्माती झाली होती. भुतांच्या एका चित्रपटाने तिला हात दिला होता. तिच्या चित्रपटांत सुताराचेसुद्धा नाव येई. कचेरीत माझ्या पाठीवर थोपटून ती म्हणे, “थांब रे. घाई नको.”

मग सिट साहेबांच्या नव्या चित्रपटाचा मुहूर्त ठरला. आमच्याकडे मुहूर्ताला देवापुढे भाजलेला डुक्कर ठेवतात आणि निर्माता एका घावात त्याची पाठ चिरतो. घाव अडला तर चित्रपट बुडाला म्हणून समजा. शुभेच्छा म्हणून डुक्कर पाठवायचीही रीत आहे. लायहाने मला गरम चरबी चोळली, डोळ्यांत चेरी बसवल्या आणि लाल फीत बांधून नेले.

साहेबांनी मला हुंगले. “वा! डुक्कर कसा असावा हे कळतं हं तुला. माझ्याच हाताखाली शिकलीस ना!”

“हो साहेब. चिरा की.”

समोर भांडवल लावणारे, समोर वार्ताहर. साहेबांनी सुरी उगारली. खच्च! माझ्या आतल्या जुन्या दाराच्या फळीत बसली ती बसलीच. ओढली तर मीही उचललो गेलो. पाय लावून ओढली, तर आम्ही दोघे मिळून उदबत्त्यांत पडलो. माझी शेपटी जळाली. जळो.

“हा खोटा आहे!” साहेब किंचाळले. “कुठल्या गाढवाने बनवलाय हा?”

“तुम्हीच की, साहेब,” लायहा म्हणाली. “बोटं नव्हती का पोळली? पारितोषिक तुमच्या घरी आहे.”

साहेब कात्रीत सापडले. डुक्कर आपला म्हणावा, तर स्वतःलाच गाढव म्हटल्यासारखे झाले. नाही म्हणावा, तर पारितोषिक गेले.

“तिचा आहे,” साहेब पुटपुटले.

“जरा मोठ्याने,” एक वार्ताहर म्हणाला. “ऐकू आलं नाही.”

“डुक्कर लायहाचा आहे!”

मित्रांनो, इतके गोड वाक्य मी आयुष्यात ऐकलेले नाही.

ती सुरी अजून माझ्या पाठीत आहे. लायहाच्या कचेरीत येणारे पाहुणे सुरीच्या मुठीला छत्र्या अडकवतात. माझी तुम्हाला एकच विनंती आहे. वस्तू जपा आणि ती कोणाच्या हातची, हे विचारा. नाही विचारलेत तरी चालेल. मांस सडते, माणसे विसरतात. थर्मोकोल कुजत नाही.