पहिलं तांबं

नितेशने एक समुद्र बनवला होता आणि त्या समुद्रात कुणालाच तांबं सापडत नव्हतं.

समुद्र अर्थात कॉम्प्युटरवरचा. अंधेरीला मरोळमध्ये, एका इमारतीच्या चौथ्या मजल्यावर सात माणसांची एक कंपनी गेली दोन वर्षं हा गेम करत होती. गेम असा, की तुमचं जहाज बुडालंय, तुम्ही एकटेच एका तराफ्यावर आहात आणि जगायला लागेल ते सगळं पाण्याखालून आणायचंय. एका बुडीला श्वास पंचेचाळीस सेकंदांचा. खायला मासे मिळतात, काच करायला वाळू मिळते. पण पहिला दिवा करायला तांबं लागतं, आणि दिव्याशिवाय खोल पाण्यातल्या काळोखात जाता येत नाही. म्हणजे पुढचा सगळा खेळ त्या पहिल्या तांब्यापाशी अडलेला. कुठली वस्तू कुठे आणि किती ठेवायची, हे ठरवणं नितेशचं काम होतं. तांबं त्याने मुद्दाम थोडं ठेवलं होतं. आयतं मिळालं तर त्यात मजा ती काय, असं त्याचं म्हणणं. ते चूकही नव्हतं. फक्त चाचणीला खेळणारे लोक शोधून शोधून कंटाळत आणि गेम बंद करून चालू लागत.

"शंभरातले सत्तर जण पहिल्या अर्ध्या तासात पळतात," शनिवारी गंधाली म्हणाली. गंधाली बोरिवलीची, सगळ्या गेमची जबाबदारी तिच्यावर. बोलणं तोडून टाकल्यासारखं, पण मनाने सरळ. "बाण टाकूया. पाण्यात पिवळा बाण. तांबं इकडे. विषय संपला."

"बाण टाकला तर शोधायचं काय?"

"आधी लोक टिकू देत ना यार. शोधणंबिधणं नंतर बघू."

नितेशच्या तळपायाची आग मस्तकात गेली. दोन वर्षं खपून समुद्र करायचा आणि त्यात महापालिकेने लावाव्यात तशा पाट्या लावायच्या? आपला तो बाब्या म्हणतात तसं थोडं होतंच त्याचं, पण नुसतं तेवढंच नव्हतं. लहानपणापासून त्याला शोधायला आवडायचं, आणि सापडण्याआधीचा तो जो एक क्षण असतो तो दुसऱ्याला देता यावा म्हणून तर तो ह्या धंद्यात आला होता. बाण आला की तो क्षण गेला. त्याने एक संधी मागितली.

गंधालीने दिली. येत्या शुक्रवारी पाच माणसं बोलवायची, जन्मात असला गेम न खेळलेली. त्यातल्या चौघांना अर्ध्या तासात तांबं मिळालं तर बाण नाही. नाहीतर बाण. "आणि तू मागे खुर्चीवर बसायचं," ती म्हणाली. "तोंडातून चकार शब्द काढायचा नाही. घरोघरी लोक खेळतील तेव्हा तू काय प्रत्येकाच्या मागे बसणार आहेस?"

रविवारी नाहूरच्या घरी नितेशने गेम टीव्हीला जोडला आणि आईला हाक मारली. न खेळलेलं माणूस म्हणजे तिच्याइतकं न खेळलेलं कुठे मिळणार? त्याची आई प्रेमा देवगडकडची, खाडीच्या तोंडावरच्या एका गावातली. बापाचं होडी-जाळं होतं. ओहोटीला उघड्या पडलेल्या खडपावर जाऊन कातळाला चिकटलेली कालवं काढण्यात तिचं बालपण गेलं. लग्न होऊन मुंबईला आली ती गिरणीत काम करणाऱ्या धोंडूंची सून म्हणून. पुढे गिरणी गेली, सासरे गेले, घर परळहून नाहूरला आलं. शेजारणींशी ती मुंबईचं मराठी बोलायची, घरात मात्र मालवणीच.

"आई, जरा खेळून बघ ना. हा रिमोट धर. समुद्रात उतरायचं आणि तांबं शोधायचं."

प्रेमाने पदराला हात पुसले, रिमोट हातात घेतला, पडद्यावरच्या हिरव्यानिळ्या पाण्याकडे नीट पाहिलं, मग भिंतीवरच्या कॅलेंडरकडे पाहिलं आणि रिमोट परत दिला.

"नारळी पुनव खय झाली हा अजून?"

"म्हणजे?"

"नारळ दिल्याबिगर दर्यात उतरूचा नसता. माझो बापूस कधी उतरूक नाय, नि मी उतरू?"

"आई, टीव्ही आहे तो!"

"मगे? पाणीच ना ता?"

नितेशला हसावं की रडावं कळेना. पुनवेला अजून दोन आठवडे होते आणि परीक्षा शुक्रवारी. त्याने समजावलं, विनवलं, शेवटी चिडला. प्रेमा बधली नाही. पण पोराचं तोंड उतरलेलंही तिला बघवेना. तिने खुर्ची ओढली आणि टीव्हीसमोर पाय वर घेऊन बसली. "मी कडेर बसतंय. तू उतर. मी सांगतंय थय बघ."

म्हणजे ज्याने तांबं ठेवलं त्यानेच ते शोधायचं, आणि तेही माहीत नसल्यासारखं! पण नितेशने मान डोलावली. आपण फक्त हात व्हायचं, डोकं तिचं.

त्याने बुडी मारली. प्रेमाने आधी पडदाभर नजर फिरवली. मग म्हणाली, "शेवाळ खयच्या अंगाक लवता ता बघ आधी."

शेवाळ उजवीकडे लवत होतं. चित्रं करणाऱ्या मुलाने ते फक्त दिसायला बरं म्हणून हलतं ठेवलं होतं. नितेशने त्याकडे कधी दोनदा पाहिलंही नव्हतं.

"म्हणजे पाणी उजवीकडे जाता. आता त्या मोठ्या खडपाच्या पाठल्या बाजूक जा. पाणी थय दमता."

खडकामागे काही नव्हतं. नितेशला ते ठाऊकच होतं. तो वर आला, श्वास घेतला, पुन्हा उतरला. तिने पुढचा खळगा दाखवला. तिथेही काही नाही. मग दोन खडकांमधली चिंचोळी जागा, मग वाळू जिथे उताराला लागते ती कड. प्रत्येक वेळी प्रेमा का ते सांगायची आणि प्रत्येक वेळी तिचं म्हणणं पटायचं. आणि प्रत्येक वेळी तिथे नुसती वाळू. तिला मध्येच आठवलं, बापाच्या जाळ्याचे शिशाचे मणी तुटून पडायचे ते गावातली सगळी पोरं एकाच ठिकाणाहून वेचून आणायची, एका कातळाच्या मागच्या खड्ड्यातून. वजनाची वस्तू पाणी कुठवर नेणार? दमलं की टाकणार. फुटके शंखही तिथेच येऊन साठतात, म्हणून आधी शंख बघायचे आणि मग खाली हात घालायचा.

पाऊण तास झाला. शेवटी तिनेच विचारलं, "खय ठेवलंस तरी?"

नितेशने दाखवलं. एक गोळा सपाट दगडाच्या माथ्यावर होता. एक उघड्या वाळूत. एक कड्याच्या अगदी टोकावर, जिथे पाण्याच्या पहिल्या धक्क्याने तो खाली गेला असता. त्याने एवढंच ठरवलं होतं, की इतक्या जागेत इतके गोळे. पसरण्याचं काम मशीनने केलं होतं, लग्नात अक्षता पडतात तसं.

प्रेमा रागावली नाही. तिला थोडं वाईट वाटलं, एवढंच. "ह्यो दर्यो खोटो आसा रे," ती म्हणाली. "ह्येका रीतच नाय. मगे माणसान शोधूचा तरी कसा?" आणि ती भात टाकायला आत गेली.

नितेश रिमोट धरून तसाच बसला. त्याला लाज वाटली. दोन वर्षं तो सगळ्यांना सांगत होता की माझा समुद्र अवघड आहे, आणि समुद्र अवघड नव्हताच. तो आंधळा होता. विचार करणाऱ्याला आणि न करणाऱ्याला त्यात सारखंच मिळत होतं, म्हणजे काहीच नाही. लोक पळत होते ते आळशी म्हणून नव्हे. त्यांनी डोकं चालवलं होतं, आणि डोकं चालवून उपयोग नाही हे त्यांना वीस मिनिटांत कळलं होतं. ही लाज भात शिजेपर्यंत टिकली. मग त्याला एकदम इतकं बरं वाटलं की लॅपटॉप घेऊन तो स्वयंपाकघरात आईच्या मागे जाऊन उभा राहिला आणि म्हणाला, "शंखांचं परत सांग."

पुढचे चार दिवस त्याने सगळं तांबं हलवलं. एकही गोळा वाढवला नाही. होते तेवढेच, पण पाणी दमतं तिथे. प्रत्येकाच्या आसपास फुटके शंख. रोज संध्याकाळी प्रेमा आपल्या खुर्चीवरून, म्हणजे काठावरून, तपासणी करायची. "हय इतके शंख नको, बाजार वाटता." "ह्या बरा." एका ठिकाणी त्याने मोहाने तीन गोळे ठेवले होते, तिने दोन काढायला लावले. गुरुवारी जेवताना ती म्हणाली, "आता दर्यासारखो दिसता." नितेशने त्या दिवशी दोनदा भात घेतला.

शुक्रवारी पाच माणसं आली. नितेश मागच्या खुर्चीवर, हाताची घडी, तोंड बंद. गंधालीच्या हातात मोबाइलवरचं घड्याळ.

पहिली श्रुतिका, कॉलेजातली मुलगी. तिला नऊ मिनिटांत सापडलं. मग इमारतीचे वॉचमन सहदेव, चौदा मिनिटं. तिसरे नंदकिशोर, बँकेतून निवृत्त झालेले. त्यांना पाण्याखाली गेल्यावर गरगरायला लागलं आणि बाराव्या मिनिटाला ते सॉरी म्हणून उठले. चौथी खालच्या झेरॉक्सच्या दुकानातली बाई. बाविसाव्या मिनिटाला तिने "अय्या, मिळालं!" करून टाळी वाजवली. तीन झाले, एक गेला. आता सगळं पाचव्यावर.

पाचव्या सुनंदाताई. गंधालीच्याच सोसायटीतल्या, टपाल खात्यातून निवृत्त, वय सदुसष्ट. पोहता येत नाही, मासे खात नाहीत. समुद्राशी संबंध गोराईला वर्षातून एकदा, तोही चप्पल न काढता. त्यांनी रिमोट असा धरला, जणू चहाचं पातेलं चिमट्याविना उचललंय. पहिल्या दहा मिनिटांत त्या चार वेळा बुडाल्या आणि दर वेळी स्वतःच श्वास रोखून लालबुंद झाल्या. नितेशच्या तोंडचं पाणी पळालं. त्याला ओरडून सांगावंसं वाटत होतं, शेवाळ बघा, शेवाळ. त्याने जीभ दाताखाली धरली.

विसाव्या मिनिटाला त्या जरा स्थिरावल्या. एका ठिकाणी थांबल्या आणि पुटपुटल्या, "हे सगळे शंख इथेच का बरं जमलेत?"

नितेश खुर्चीत पुढे सरकला. सुनंदाताई शंखांकडे निघाल्या, तोवर श्वास संपत आला आणि घाबरून त्या वर आल्या. पुन्हा उतरल्या त्या भलत्याच बाजूला. जागा हरवली. पंचवीस. अठ्ठावीस. त्या तोंडाने "इथेच होते, इथेच होते" म्हणत खडकाला उलटी फेरी घालत होत्या. तिसाव्या मिनिटाला मोबाइल वाजला.

नितेशने डोळे मिटले. झालं. पिवळा बाण. निदान त्याचा रंग थोडा मळका करून मागता येईल का, असाही विचार त्याच्या मनात येऊन गेला आणि त्याला स्वतःचीच कीव आली.

"काकू, वेळ झाली," गंधाली हळूच म्हणाली. "छान खेळलात हं. तांबं कुठे होतं ते दाखवू?"

"मुळीच नाही," सुनंदाताई म्हणाल्या. पडद्यावरची नजर त्यांनी काढली नाही. "ते इथेच आहे. मला कळलंय. थांबा जरा."

गंधाली थांबली. काय करावं ते न सुचून थांबली. घड्याळ मात्र तिने बंद केलं नाही. सुनंदाताई आणखी तीनदा खाली गेल्या. तिसऱ्यांदा त्यांना शंख दिसले. ह्या वेळी त्या तिथून हलल्या नाहीत, श्वासाचा आकडा लाल झाला तरी हलल्या नाहीत. हात खळग्यात गेला आणि हिरवट तांब्याचा एक ओबडधोबड गोळा घेऊन वर आला.

त्या ओरडल्या नाहीत, टाळी वाजवली नाही. रिमोट मांडीवर ठेवून त्यांनी चष्मा काढला आणि पदराने पुसत बसल्या. पुसून झाला तरी पुसत होत्या.

"मिळालं हो," त्या म्हणाल्या. "हल्ली घरात सगळे मला सगळं हातात आणून देतात. चांगलेच आहेत बिचारे. माझा चष्मासुद्धा मला कधी शोधू देत नाहीत. किती दिवसांनी माझं मला काही मिळालं."

गंधालीने मोबाइल बघितला. छत्तीस मिनिटं. मग तिने वळून नितेशकडे बघितलं. नितेशने तोंड उघडलं नाही. हरलोय तर हरलोय, पण शब्द पाळायचा, असं त्याने ठरवलं होतं. त्याच्या डोळ्यांत पाणी आलं होतं आणि ते त्याने पुसलं नाही.

"तीनच झाले," गंधाली म्हणाली. "चार ठरले होते."

त्याने मान हलवली.

"बाण नाही टाकायचा," ती म्हणाली. "त्यांना मी बाण दाखवला असता तर..." तिने मोबाइल पालथा ठेवला आणि खुर्चीवर बसली.

सुनंदाताईंचं ह्या बोलण्याकडे लक्ष नव्हतं. चष्मा चढवून त्या पुन्हा पाण्यात उतरल्या होत्या.