सेनापती महाराजांची पुडी

"मारा! झोपलंय ते सैन्य, मारून उठवा त्याला!"

कोथरूडच्या एका मंगल कार्यालयात रविवारी सकाळी शेकडो सुशिक्षित माणसं स्वतःच्या गुडघ्यांवर, खांद्यांवर चामड्याचे आसूड ओढत होती. निवृत्त बँक मॅनेजर, शिक्षिका, आयटीतली पोरं. जिथे आदल्या दिवशी जिलबीच्या पंगती उठल्या होत्या, त्याच फरशीवर रक्ताचे थेंब पडत होते. व्यासपीठावर सेनापती महाराज उभे, कपाळावर शेंदूर आणि गळ्याशी माईक.

"बाळांनो, इम्युनिटी म्हणजे आतली फौज! तिला लगाम नको, चाबूक हवा!"

मग त्यांनी माझ्या भाचीला, स्पृहाला, वर बोलावलं. आमवाताने तिची मनगटं सुजली होती. ढोलपथकात दणक्यात वाजवणाऱ्या पोरीला चहाचा कप धरवत नव्हता. महाराजांनी तिच्या पाठीवर सपासप आसूड ओढले आणि कमरेला ढोल बांधला. तिने टिपरू उचललं आणि वाजवला की हो! कार्यालय दणाणलं. माझी धाकटी बहीण प्रेमला, म्हणजे स्पृहाची आई, ढसाढसा रडत महाराजांच्या पायांवर पडली.

मी मागे बसून पाहत होते. जन्मभर शाळेत जीवशास्त्र शिकवलं, त्यामुळे असल्या ठिकाणी मला कुणी पुढे बसवत नाही. खोटं कशाला बोलू, पोरगी खरंच बरी दिसत होती. पण आसूड पडायच्या आधीपासून तिला रोज महाराजांची भस्माची पुडी चालू होती, याकडे एकाचंही लक्ष नव्हतं.

त्याआधी स्पृहा डॉक्टर ऋतुजाकडे जात असे. ऋतुजा माझीच जुनी विद्यार्थिनी. तिने पहिल्याच दिवशी स्पष्ट सांगितलं होतं, "तुझी फौज झोपलेली नाही गं, चेकाळली आहे. स्वतःच्याच सांध्यांवर तुटून पडतेय. रक्तात मारणाऱ्या पेशी असतात, तशा त्यांना आवरणाऱ्याही असतात. नियामक टी पेशी म्हणतात त्यांना. तुझ्यात त्या कमी पडतायत, किंवा बाकीच्या त्यांचं ऐकत नाहीत."

"म्हणजे मिरवणुकीत पथकाभोवती आम्ही दोर धरतो, तसं?"

"अगदी तसं. दोर सुटला की गर्दी आपल्याच माणसांना तुडवते. आणि चुकीच्या माणसाभोवती धरला तरी घात. कर्करोगाची गाठ याच पेशी भोवती जमवते आणि त्यांच्या आड लपून बसते."

ऋतुजाची औषधं सावकाश काम करणारी. प्रेमलाला धीर नव्हता. तिने ती बंद करून पुडी सुरू केली.

चार महिन्यांत स्पृहाचा चेहरा पुरीसारखा फुगला. महाराज म्हणाले, "तेज आलं!" शेवटी स्पृहाने भर सभेत विचारलं, "महाराज, पुडीत काय असतं?"

महाराजांचे डोळे फिरले. "शंका? जो शंका घेतो, त्याला त्याचीच फौज फाडून खाते! बंद करा हिची पुडी!"

आठवडा उलटायच्या आत स्पृहाला उलट्या सुरू झाल्या. उभं राहवेना. प्रेमलाने तिला दवाखान्यात न्यायचं सोडून महाराजांसमोर आणून घातलं. मला कळलं तशी मी धावत गेले. पोरगी फरशीवर आडवी, डोळे पांढरे, आणि भोवती गर्दी ओरडत होती, "शाप फळला! मारा, म्हणजे उठेल!" निपचित पडलेल्या पोरीवर आसूड पडत होते. आणि तिची आई तिचे पाय दाबून बसली होती!

मी खुर्ची उचलून घुसले. एक फटका माझ्या भुवईवर बसला, डोळ्यात रक्त उतरलं. एकाच्या गुडघ्यावर मी खुर्ची हाणली, तेव्हा कुठे वाट झाली.

"प्रेमला, सोड तिचे पाय, नाहीतर तुझे हात मोडीन!"

"ताई, महाराज म्हणाले..."

"महाराज गेले खड्ड्यात! पोरगी मरतेय तुझी!"

तिने सोडले. रिक्षात घालून दवाखाना गाठला. स्पृहाचा रक्तदाब लागत नव्हता. ऋतुजाने तिचा फुगलेला चेहरा पाहिला मात्र, इंजेक्शन मागवलं आणि माझ्याकडे वळली. "बाई, ही स्टेरॉइड घेत होती का?"

प्रेमलाच्या पर्समध्ये एक पुडी उरली होती. प्रयोगशाळेतून उत्तर आलं: खडूची भुकटी, हळद आणि डेक्सामेथासोन नावाचं जालीम स्टेरॉइड.

"स्टेरॉइड चेकाळलेल्या फौजेला गप्प करतं, म्हणून सूज उतरली," ऋतुजा म्हणाली. "पण बाहेरून इतकं मिळायला लागलं की शरीर स्वतःचं बनवायचं सोडून देतं. मग पुडी एकदम बंद केली की माणूस कोसळतो."

म्हणजे 'फौज उठवा' म्हणून आसूड मारायचे आणि पुडीने तीच फौज झोपवायची. चमत्कार पुडीत आणि शापही पुडीतच! काय डोकं म्हणावं मेल्याचं.

पुढच्या रविवारी पोलिसांना कळवून आम्ही कार्यालयात गेलो. स्पृहाही हट्टाने आली. ऋतुजाने महाराजांचा माईक ओढून घेतला आणि सगळं सांगितलं. मग रंगराव, ते निवृत्त बँक मॅनेजर, उठून उभे राहिले.

"माझ्या बायकोचीही पुडी बंद केली होती यानं. शाप समजून मी तिला घरातच ठेवलं. गेली ती."

पहिला आसूड त्यांनीच उगारला. मग अख्खी गर्दी महाराजांवर तुटून पडली. त्याचे दात फरशीवर सांडले, कान फाटला. मीही खालचा आसूड उचलला आणि दोन ओढले. बरं वाटलं मला, उघड सांगते.

तिसऱ्या वेळी माझं मनगट कुणीतरी पकडलं. स्पृहा. तिच्या हातांवर पुन्हा सूज चढली होती, तरी तिने पकड सोडली नाही.

"मावशी, पुरे! हा मेला तर कुणाच्या पुडीत किती घातलं होतं, ते ऋतुजाताईला कोण सांगणार? या सगळ्यांना पुडी चालू आहे! दोर धर!"

माझ्या हातून आसूड गळला. स्पृहा, मी आणि प्रेमला, तिघींनी हातात हात गुंफून त्या विव्हळणाऱ्या माणसाला कडं घातलं. फटके आता आमच्या पाठीवर बसू लागले.

"चोराला वाचवताय?" रंगराव किंचाळले.

"वाचवत नाही, पोलिसांच्या हातात देतेय!" मी ओरडले. "तुमच्या बायकोचं काय झालं ते कोर्टात कोण सांगणार? याचं प्रेत?"

त्यांचा हात हवेतच थांबला. आसूड टाकून ते हुंदके देत आले आणि त्यांनी माझा हात धरला. मग आणखी काही जण आले. पोलिस येईपर्यंत कडं तुटलं नाही.

ऋतुजा माईकवरून ओरडून सांगत होती, "पुड्या फेकू नका! एकदम बंद करू नका! घेऊन आजच दवाखान्यात या!"

तुम्हालाही माझं एवढंच सांगणं आहे. कुणी काहीही खायला दिलं, तर आधी विचारा, यात काय आहे? जो उत्तर द्यायचं सोडून शाप देतो, त्याच्यासमोरून उठून चालू लागा. आणि त्याचं बिंग फुटलं की हात आवरा, कारण चेकाळलेल्या गर्दीला औषध आणि विष यातला फरक कळत नाही.

स्पृहाचं स्टेरॉइड ऋतुजा हळूहळू उतरवतेय. ढोल अजून लांब आहे. प्रेमला मात्र आता औषधाच्या दुकानातसुद्धा प्रत्येक गोळी उलटसुलट करून विचारते, "अहो, यात काय आहे?" दुकानदार वैतागतो.

वैतागू दे.