तेजरामची हरकत

आंधळगावच्या शिवारात तेजरामचं पाण्याचं इंजिन सकाळपासून डिझेलवाचून बंद होतं, आणि तो धानाच्या बांधीच्या धुऱ्यावर कपाळाला हात लावून बसला होता. शकुनबाई चिखल तुडवत आल्या आणि नागपूरच्या कोर्टातून आलेला कागद त्यांनी त्याच्यापुढे धरला.

"तेजरामभाऊ, यावर तुमचं नाव आहे. अंगठा लावला काय तुमी?"

शकुनबाईंचे यजमान एकाहत्तरच्या लढाईत गेले. सात वर्षांनी जवानांच्या विधवांसाठीच्या कोट्यातून त्यांना गावातच पेट्रोल पंप मंजूर झाला. कलेक्टरांनी ना-हरकत प्रमाणपत्र दिलं आणि दुसऱ्याच महिन्यात भय्याजी हायकोर्टात गेले. तुमसर रस्त्यावर त्यांचा जुना पंप होता. शाळा जवळ आहे, रस्त्याला वळण आहे, अशी पाच-सहा कारणं देऊन त्यांनी स्थगिती आणली.

मग पाच वर्षं नुसत्या तारखा. कधी न्यायमूर्ती रजेवर, कधी वकील आजारी. एकदा भंडाऱ्याहून सरकारी फाइल आली खरी, पण उघडून पाहिली तर ती एका भातगिरणीची निघाली. शकुनबाईंनी त्या दिवशी वकिलासमोरच कपाळ बडवून घेतलं होतं. शेवटी कोर्टाने सांगितलं की धंद्याला वाटेकरी येतो म्हणून कुणाला हरकत घेता येत नाही. पेढे वाटून दहा दिवस झाले नाहीत, तोच नवा अर्ज. पंपाच्या तेलामुळे शेजारच्या शेतकऱ्याचं धान नासेल, असं त्यात म्हटलं होतं. शेजारचा शेतकरी म्हणजे तेजराम.

"लावला जी, वयनी," तेजराम म्हणाला. "भय्याजीचा माणूस आलता. डिझेलचा अर्ज होय म्हणे. अंगठा लावला त गावातच डिझेल भेटन म्हणे."

गावात डिझेल मिळावं म्हणून या माणसाने गावातलं डिझेल अडवलं होतं. शकुनबाईंना हसावं की रडावं ते कळेना.

"पाच वर्सं झाली, मी त्या कोर्टाच्या पायऱ्या झिजवून राहिली," त्या म्हणाल्या. "अन् तुमी मले पुन्हा पहिल्या पायरीवर आणून बसवलं."

तेजराम खाली मान घालून चिखलात बोट फिरवत राहिला. उद्याच तारीख आहे, सकाळच्या एस.टी.ने नागपूरला चलायचं, असं शकुनबाईंनी त्याला बजावलं. तो नाही म्हणाला नाही.

तारखेला तेजराम स्वतः हजर आहे हे पाहून समोरचे वकील गडबडले. त्याला विचारायची काही गरज नाही, असं ते घाईघाईने म्हणू लागले. न्यायमूर्तींनी त्यांना थांबवलं आणि तेजरामला मराठीतच विचारलं, "पंपाला तुमची काय हरकत आहे?"

तेजरामने हात जोडले. "साहेब, मले त डिझेल पायजे. पंप नोको असं मी काहून म्हणू?"

अर्ज पंधरा मिनिटांत फेटाळला गेला.

निकालाची नक्कल घ्यायला दोघं खालच्या खिडकीशी गेले. आतल्या बाबूने मान वर न करता नाव विचारलं, मग नवऱ्याचं नाव.

"श्रावण," शकुनबाई म्हणाल्या.

तेजरामने चमकून त्यांच्याकडे पाहिलं. त्यांच्या घरात बायका नवऱ्याचं नाव घेत नसत. यजमान हयात असताना शकुनबाईंनीही ते एकदा, लग्नातल्या उखाण्यात तेवढं घेतलं होतं. कलेक्टर कचेरीत पहिल्यांदा विचारलं तेव्हा त्या कितीतरी वेळ ओठ मिटून उभ्या राहिल्या होत्या आणि शिपाई हसला होता. त्यानंतर किती खिडक्यांवर ते सांगितलं याचा हिशेबच नव्हता. आज ते तालुक्याचं नाव सांगावं तसं तोंडातून निघून गेलं होतं.

त्यांनी पदर तोंडाशी नेला.

"सही करा, बाई," बाबू म्हणाला. "मागे लोक उभे आहेत."

शकुनबाईंनी पदर सोडला आणि सही केली.