सत्त्याण्णव टक्क्यांवर अडलेला गेम

मोर्शीच्या देवीदासनं फवारणी पंपाचे नोझल आयुष्यभर तोंडानं फुंकून मोकळे केले होते. त्यामुळे लेकीच्या मशीनमध्ये नवा गेम टाकणं काय मोठं, शनिवारी तू येईपर्यंत टाकून ठेवतो, असं तो फोनवर बोलून बसला.

रागिणी अमरावतीला होस्टेलवर. दसऱ्याला आली आणि हातात मावणारं ते खेळाचं मशीन घरीच विसरून गेली. अकोल्याच्या कुलदीपनं, म्हणजे देवीदासच्या भाच्यानं, ते आतून असं फिरवून दिलं होतं की कंपनीला न विचारता मेमरी कार्डावरून कोणताही गेम चढायचा. चढायचा म्हणजे कुलदीपच्या हातानं. देवीदासच्या हातानं तो आधी चाळीस टक्क्यांवर बसला, मग त्रेसष्टवर, आणि शनिवारी दुपारी सत्त्याण्णववर जाऊन म्हणाला, कार्ड वाचता येत नाही.

"मामा, फाइल पुन्हा टाका," कुलदीप फोनवर म्हणाला.

"चारदा टाकली. आता फाइलच झिजली असन."

"मंग कार्ड फॉरमॅट करा. सारं पुसल्या जाते. त्यात ठेवाचं काई आहे का?"

"काई नाई. गेमच तं आहे."

कार्ड पुसलं. गेम पुन्हा सत्त्याण्णववर बसला. रागिणीची बस चारला यायची होती आणि साडेतीन झाले होते.

"कार्डाच्या सोनेरी पट्ट्या पाहा बरं," कुलदीप थकून म्हणाला. "कचरा आहे का?"

देवीदासनं कार्ड चष्म्याजवळ नेलं. "कचरा नाई. कुंकू आहे."



"कावून?"

"दसऱ्याले मशीन पुजत नाई का? विळा पुजला, पंप पुजला, ट्रॅक्टर पुजला. कार्ड बाहेर पडलं होतं, त्याले बी एक बोट लावलं."

खोडरबरनं कुंकू निघालं. आठ मिनिटांत गेम शंभरावर गेला.

रागिणीनं बॅग खांद्यावर असतानाच मशीन उघडलं. नवा गेम पाहून हसली. मग जुना शोधू लागली, तिच्या शेतीचा.

"बाबा, माहा संत्र्याचा बगीचा कुठं गेला?"

देवीदासला दुपारी पुसलेलं कार्ड आठवलं.

"तीन वर्षं लागली होती. बहार आला होता, बाबा."

स्वतःच्या बागेत पहिल्या बहाराची पाच वर्षं वाट पाहिलेल्या माणसाला यापुढं काही समजावून सांगायची गरज नव्हती. त्यानं चष्मा पुसला आणि तिच्या शेजारी सरकून बसला.

"कलमं कुठं भेटतात ते दाखव," तो म्हणाला. "अन् तू चहा पी. खड्डे मी खंदतो."