प्रक्षोभक की स्फूर्तिदायक

बातमीत विशेषण एकच होतं, पण त्यानं नेरिस प्रोबर्टचा अख्खा दिवस खाल्ला.

लानवेरन गावच्या साप्ताहिकातला प्रत्येक मजकूर छापायला जाण्याआधी तिच्या नजरेखालून जायचा. नगर परिषदेनं गावचा पोहण्याचा तलाव बंद करायचं ठरवलं होतं. त्याविरुद्धच्या सभेत ग्वेंडा पॅरी बोलल्या. पंच्याहत्तरी उलटलेल्या या बाईंनी अर्ध्या गावाला पोहायला शिकवलं होतं, नेरिसलासुद्धा. बातमीदार ॲलननं लिहिलं, 'पॅरीबाईंचं प्रक्षोभक भाषण'.

"प्रक्षोभक म्हणजे लोक पेटतात," नेरिस म्हणाली. "तिथं कुणी खुर्ची तरी फेकली का?"

"छे! सगळे उभे राहिले, टाळ्या वाजवल्या."

"मग स्फूर्तिदायक लिही की बाबा!"

शेवटी तिनंच शब्द बदलला. अंक निघाला त्या सकाळी कार्यालय उघडतंय तोच नगरसेवक हम्फ्रिजचा फोन.

"स्फूर्तिदायक? ती बाई लोकांना कायदा मोडायला सांगते आणि तुम्ही तिची पाठ थोपटता? चिथावणीखोर म्हणा!"

"चिथावणी देणं हा गुन्हा असतो साहेब. त्या आमच्यावर दावा ठोकतील."

"मग निदान भडक म्हणा."

भडक तुमचे टाय असतात, हे अगदी तिच्या जिभेवर आलं होतं. "बघते," म्हणून तिनं फोन आदळला.

इतक्यात पॅरीबाईच दारात. हातात अंकाची गुंडाळी.

"हे काय गं छापलंस, नेरिस?"

"बाई, मी तुमचीच बाजू सांभाळली."

"कुणी सांगितलं होतं सांभाळायला? स्फूर्तिदायक भाषणं शाळेच्या बक्षीस समारंभात होतात. ऐकायची, टाळ्या वाजवायच्या, घरी जाऊन चहा प्यायचा. मला लोकांच्या अंगाची लाही करायची होती!"

"म्हणजे प्रक्षोभक चाललं असतं?" ॲलननं आशेनं विचारलं.

"शी! मी काय भान सुटून किंचाळत होते? एकेक वाक्य घोकून गेले होते मी."

नेरिसनं कपाळावर हात मारला. "मग तुम्हीच सांगा शब्द!"

बाई खुर्चीत बसल्या. छताकडे बघत बराच वेळ पुटपुटल्या. मग उठल्या.

"शब्द शोधायचा पगार तुला मिळतो," म्हणाल्या आणि चालत्या झाल्या.

पुढच्या अंकात नेरिसनं विशेषणाला हातच लावला नाही. बाई जे बोलल्या तेच छापलं: 'कुलूप लावायला याल तेव्हा मी पाण्यात असेन. बाहेर काढून दाखवा. आणि मंडळी, तुम्हीही पोहायचे कपडे शोधून ठेवा.'

यावर मात्र कुणाचाच फोन आला नाही. तिला तर ती शांतता जास्तच छळत राहिली.

बंद करायच्या दिवशी तलावात पाय मारायला जागा नव्हती. खाटीक, पाद्री, पोस्टातल्या दोघी बहिणी, सगळे गळ्यापर्यंत पाण्यात. काठावर हम्फ्रिज कुलूप घेऊन ताटकळत होता. शेवटी त्यानं ते खिशात घातलं आणि निर्णय महिनाभर पुढे ढकलल्याचं सांगितलं. एकच जल्लोष झाला.

ॲलन वही घेऊन काठावर वाकला. "नेरिस, या गर्दीला काय म्हणू? संतप्त? उत्साही?"

"ओली म्हण!" ती दात वाजवत ओरडली. घाईत तिला भाचीचा आखूड पोशाख घालून उतरावं लागलं होतं, पाणी गार होतं, आणि मागून पॅरीबाईंचा आवाज सबंध तलावभर घुमत होता.

"नेरिस! अगं गुडघे किती वाकवतेस! बेडूक आहेस का?"

नेरिसनं डोळे मिटले, चरफडत श्वास घेतला आणि पाय सरळ केले.