आतून कडी

“कडी तू लाव,” बाई मुलीला म्हणाल्या, आणि मिस्त्रीच्या तळपायाची आग मस्तकात गेली.

खरं तर अजून कोणी कोणाला वावगं काही बोललंही नव्हतं. घरातली भांडणं मिटवायला मदत करणारं ते केंद्र. खोलीत चार खुर्च्या, कुरकुरणारा पंखा, टेबलावर पाण्याचा जग. केंद्राच्या बाईंनी एवढंच सांगितलं होतं, की इथली एक रीत आहे. घरातलं जे सगळ्यांत धाकटं, त्याच्या हाती दाराची कडी. मधेच कोणाला बाहेर जावंसं वाटलं तर त्याने धाकट्याला सांगायचं, मग ते दार उघडेल. घ्या, मिस्त्री मनात म्हणाला, माकडाच्या हाती कोलीत. एकोणीस वर्षांची घोडी बापाला न विचारता बॅग भरून मावशीकडे जाऊन बसते, आणि इथे तिलाच दाराची मालकीण करतात.

मुलगी उठली. तिने कडी लावली, एकदा ओढून बघितली, मग पुन्हा ओढून बघितली. मिस्त्रीला वाटलं, ही आपल्याला खिजवतेय.

त्याला सगळे मिस्त्रीच म्हणत, बायकोच्या माहेरचेसुद्धा. लिफ्ट दुरुस्त करण्यात त्याची उभी हयात गेली होती. कुठे लिफ्ट बंद पडून माणूस अडकला की ह्याला फोन. आणि ह्याची पद्धत अशी, की पोचल्यावर आधी दाराला हात लावायचा नाही. फटीशी तोंड नेऊन हळू आवाजात बोलायचं, “घाबरू नका, मी आलोय. तुम्ही हो म्हणाल तेव्हाच दार उघडतो.” आतला माणूस निवांत झाला की मग पिशवीतलं हत्यार काढायचं, कारण घाबरलेला माणूस दार किलकिलं होताच उडी मारतो आणि भलतंच होऊन बसतं. लोक म्हणायचे, मिस्त्री म्हणजे डोक्यावर बर्फ आणि तोंडात साखर. घरी पोचेपर्यंत तो बर्फ कुठे वितळायचा देव जाणे. घरात पाऊल टाकायचा तो नाकावर राग घेऊनच.

आज तो एकाच कामाला आला होता. पोरीला घेऊन जायचं. कॉलेजातल्या कोणा शिक्षिकेने तिला ह्या केंद्राचं नाव सांगितलं होतं, आणि तिथे याल तरच भेटेन असा पोरीने निरोप धाडला होता. बायकोच्या तोंडाला तर ती गेल्यापासून कुलूपच. म्हणून हा आला, बायकोला सोबत घेऊन, कामाची पिशवी खांद्याला अडकवूनच. तासाभरात आटपायचं आणि पोरगी, तिची बॅग नि आपण थेट घर, असा त्याचा बेत होता.

बाईंनी विचारलं, घरात नक्की काय झालं. मिस्त्री म्हणाला, काही नाही, एक खुर्ची मोडली. मग त्याने रीतसर कैफियत मांडली. पोरगी खोलीच्या दाराला आतून खुर्ची लावून बसते. बाप बघायला जातो की अभ्यास चाललाय की मोबाईल, तर दार उघडत नाही. एक दिवस त्याने लाथ घातली, खुर्ची मोडली, आणि दुसऱ्या दिवशी बाईसाहेब घर सोडून गेल्या. आता बापाने स्वतःच्या घरात फिरायला परवानगी काढायची का, एवढं बाईंनी सांगावं.

“खुर्ची कशाला लावायची? दाराला कडी नाही का?” बाईंनी विचारलं.

“होती. मी काढली.”

हे सांगताना त्याची छाती जराशी पुढे आली. दोन वर्षांपूर्वी परीक्षेत कमी मार्क पडले म्हणून पोरगी कडी लावून रडत बसली होती. त्याने दार वाजवलं, तर आतून म्हणाली, थांबा. एवढंच. बापाला म्हणते थांबा! बंद दार उघडायचं शिक्षण ह्याला कोणी द्यायला नको. बघता बघता दार उघडलं, आणि हात चालू होता म्हणून घरातल्या सगळ्याच आतल्या कड्या काढून टाकल्या. खोलीची, संडासाची, बाथरूमची. ह्या घरात कोणी कोणापासून काही लपवायचं नाही, असं वर जाहीर केलं.

“बंद दारामागे काय होतं ते मी बघतो, बाई,” तो म्हणाला. “लिफ्टमध्ये अडकलेल्या एका म्हाताऱ्यापर्यंत पोचायला मला उशीर झाला होता एकदा. आत बसल्या जागी गेला होता.”

ते खोटं नव्हतं. तो म्हातारा त्याच्या डोळ्यांपुढून कधी गेला नव्हता. पण त्या दिवशी घरातले स्क्रू त्याने भीतीने काढले नव्हते. रागाने काढले होते, आणि हे त्याला पक्कं ठाऊक होतं. बाईंनी हे ओळखलं की काय, असं वाटून तो आणखीच चिडला, आणि चिडला की माणूस नको ते बोलतो.

“माझं घर काही दुःखी नाही,” तो बायकोकडे बोट करून म्हणाला. “विचारा हिला. अंघोळीला जाते तर गात असते. रोज, सगळी अंघोळ होईपर्यंत. शेजारीपाजारी ऐकतात.”

हे तो कामावरही सांगायचा. सोबतचे लोक बायकांची गाऱ्हाणी सांगायला लागले की हा म्हणायचा, आमची बघा, सकाळी उठून गाते.

बाईंनी बायकोकडे वळून विचारलं, तुम्हाला गाण्याची आवड आहे का. बायको पदराचा शेव बोटाला गुंडाळत बसली. उत्तर मुलीने दिलं.

“आईला गाणं नाही आवडत, मॅडम. कडी नाही म्हणून गाते. आत कोणीतरी आहे हे बाहेर कळायला नको? दम खायला थांबली, तरी घाईघाईने पुन्हा सुरू करते.”

मग बायको खाली मान घालून म्हणाली, “घसा बसला होता तेव्हा तांब्या वाजवायचे मी बादलीवर.”

हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच. मिस्त्रीला तो तांब्याचा आवाज आठवला. चहा पिता पिता तो ओरडला होता, काय आदळआपट चाललीय सकाळी सकाळी. सगळे मिळून आपल्याला खिंडीत गाठताहेत, ही बाई, ती पोरगी, आणि इतकी वर्षं एका शब्दाने न बोललेली बायको. घर फिरलं की घराचे वासेही फिरतात, दुसरं काय. तो उठला तो खुर्ची मागे ढकलूनच. तमाशे खूप झाले, म्हणाला, आपल्याला नाही करायची ही थेरं, चला दोघी, ऊठ गं, बॅग घे.

दोघी उठल्या नाहीत. दाराशी जाऊन त्याचा हात कडीपर्यंत पोचला, पण बाई नुसत्या बघत राहिल्या आणि त्याला ती रीत आठवली.

“कडी काढ,” तो मुलीला म्हणाला.

मुलगी लगेच आली. तिने कडी काढली, दार उघडून धरलं. तो तावातावाने बाहेर पडला, मागून दोघी येणारच ह्या खात्रीने. मागे दार लागलं. कडी सरकली. मग ती ओढून बघितल्याचा आवाज आला, दोनदा.

बाहेरच्या बाकावर मावशी बसली होती, म्हणजे बायकोची थोरली बहीण. आणखीही कुठली कुठली माणसं आपल्या पाळीची वाट बघत होती. मावशीने त्याला वरपासून खालपर्यंत न्याहाळलं.

“काय मिस्त्री, एकटेच?”

ते शब्द त्याला मिरच्यांसारखे झोंबले. त्याने पिशवीत हात घालून स्क्रू-ड्रायव्हर काढला. आत जाताना त्याच्या सराईत नजरेने ते दार बघून ठेवलंच होतं. कडी हलकी, चौकटीत फट. हात लावायचा अवकाश. स्वतःची पोर बापाला बाहेर काढून कडी लावते म्हणजे काय! फटीत टोक घालायला तो वाकला, आणि आतला आवाज त्याच्या कानावर आला.

बायको बोलत होती. बोलत कसली, ओरडत होती. लग्नाला इतकी वर्षं झाली, पण हा आवाज त्याने ऐकला नव्हता. आधी त्याला वाटलं, दुसरंच कोणी आहे. शब्द नीट कळत नव्हते. बाकावरच्या माणसांनी माना खाली घातल्या. मग एक वाक्य स्वच्छ ऐकू आलं.

“मला अंघोळ करताना गप्प राहायचं होतं हो! एवढंसुद्धा मिळू नये माणसाला?”

मिस्त्री फटीशी तोंड नेऊन तसाच वाकलेला राहिला. एवढ्या वर्षांच्या सवयीने ओठांवर तेच शब्द आले, घाबरू नका, मी आलोय. ते त्याच्याच घशात अडकले. आतल्या माणसांना दाराची भीती नव्हतीच. त्यांना भीती होती ती ह्याची, दाराबाहेर हत्यार घेऊन उभा असलेल्याची. त्याने स्क्रू-ड्रायव्हर पिशवीत टाकला आणि तो मावशीपासून जरा अंतर ठेवून बाकावर बसला.

दार उघडलं तेव्हा पुढे मुलगी होती. मागे बायको तोंड पुसत उभी होती.

“येतेस?” त्याने मुलीला विचारलं.

“नाही.”

“कड्या लावून टाकतो सगळ्या. मग?”

मुलीने त्याच्याकडे बघितलं. तिच्या डोळ्यांत राग होता, आणि तो हुबेहूब त्याचाच होता.

“माहीत नाही,” ती म्हणाली. “माझं नंतर बघू. आईला लावून द्या.”

मग ती मावशीबरोबर निघून गेली. जाताना मागे वळून बघेल असं त्याला वाटलं होतं. तिने बघितलं नाही.

दोघं घरी आल्यावर त्याने माळ्यावरून पत्र्याचा डबा काढला. कड्या त्याने टाकल्या नव्हत्या, कारागीर माणूस लोखंड टाकत नाही. बायको स्वयंपाकघरात भाजी चिरत बसली. तो बाथरूमच्या दाराशी बसला, तर स्क्रू धरेनात. उपटताना रागाच्या भरात भोकं इतकी रुंद करून ठेवली होती, की स्क्रू नुसते गरागरा फिरत होते. त्याने स्क्रूला शिवी हासडली, मग भोकांना, आणि मग दिसलं की आता शिवी घालायला आपल्याशिवाय कोणी उरलं नाही. स्वतःचा इतका संताप त्याला जन्मात आला नव्हता. ह्या हातांनी लोकांच्या पोरी, लोकांच्या आया कुठून कुठून सुखरूप बाहेर काढल्या. त्याने काड्यापेटीतल्या काड्या मोडून भोकांत ठोकल्या आणि त्यांत स्क्रू पिळून घट्ट बसवले. बाथरूम झालं, संडास झाला. शेवटी पोरीच्या रिकाम्या खोलीला कडी लावली, आतून. सरकते का बघितली, आणि दार उघडंच ठेवून तो बाहेर आला.

सकाळी कामाला जायची वेळ झाली. पिशवी खांद्याला अडकवल्यावर आठवलं, दाढी करायची राहिली, आणि सामान बाथरूममध्ये. तो नेहमीच्या सवयीने गेला आणि दार ढकललं. दार हललं नाही.

तो गाण्याची वाट बघत राहिला. आतून गाणं आलं नाही. पाणी ओतल्याचा आवाज तेवढा येत होता, अगदी संथ, कसलीही घाई नसल्यासारखा. उशीर होत होता. जुना राग मानेतून वर चढला, हाताची मूठ वळली आणि उचललीही गेली. मग त्याने मूठ सोडली आणि एका बोटाने दारावर टकटक केलं.

“वेळ लागेल का गं?”

आतला पाण्याचा आवाज थांबला.

“थांबा,” बायको म्हणाली.

मिस्त्रीने खांद्यावरची पिशवी आवाज न करता खाली ठेवली, आणि तो थांबला.